ओल्या बोटांचं दार

अहो,

तुम्ही जाऊन अजून महिना व्हायचा आहे आणि मी तुमच्याशी भांडायला बसले आहे. समाचाराला येणारे तुमच्या शांत स्वभावाचं कौतुक करतात आणि मी मान हलवते. शांत म्हणे! एखादी गोष्ट पटली नाही की मान वाकडी करून, दातांत दोऱ्याचं टोक धरून तासन्‌तास गप्प बसणारा माणूस शांत नसतो, हट्टी असतो. तसेच गप्प झालात आणि निघून गेलात. आपला वाद अर्धा राहिला. आणि त्या अर्ध्या वादापायी तंबूंचा अख्खा ढीग अंगणात पडून राहिला, दारं नसलेला.

परवा तो ढीग मालगाडीत चढला, अळणावरच्या रानात कूप, म्हणजे लिलावातला जंगलाचा तुकडा, तोडणाऱ्या माणसांसाठी. त्याला शेवटी कसली दारं लावली, हे तुम्हाला सांगायलाच हवं. दुसऱ्या कुणाला त्यात काय कळणार? बाकीच्यांना तंबू म्हणजे चार बाजूंनी कापड आणि मधे खांब.

तुम्हालाही आधी तसंच वाटायचं असेल. शाळेत ड्रॉइंग शिकवत होतात तेव्हा तंबूचं सुरेख चित्र काढायचात, दोरांच्या सावल्यांसकट. मग शाळा सोडलीत आणि मागच्या गल्लीत हुसेनसाब शिंप्याच्या जोडीनं खरे तंबू शिवायला बसलात, तेव्हा म्हणालात की चित्रात तंबू बाहेरून दिसतो आणि माणूस मात्र आत असतो. त्या दिवसापासून आपल्या घरातल्या कुठल्याच माणसाचे कान, नाक, बोटं त्याची स्वतःची राहिली नाहीत. मेण लावलेल्या कापडाचे तुकडे माझ्या नाकाखाली धरायचात. "कुठल्या वासात झोप लागेल, सांग." मी म्हणायची, "कुठल्याच नाही, आधी खिडकी उघडा." तुम्ही ते गंभीरपणानं ऐकून घेतलंत आणि अळशीच्या तेलाचा हात निम्मा केलात, वास उग्र असला की माणसं पावसातसुद्धा दार उघडं टाकतात, म्हणालात. कंदिलाच्या कडीला वेत गुंडाळलात, कारण कडी तापते आणि तापलेली कडी हातातून सुटते. पावसाचा कापडावरचा ताशा ऐकून माणूस बहिरा होतो, म्हणून उशाच्या बाजूला वर आणखी एक सैल कापड टाकलंत, म्हणजे बाहेर पाऊल वाजलं तर ऐकू यावं. मला वाटायचं, ह्या माणसाला जंगलात पाठवायच्या ऐवजी जंगलच घरात आणायचं आहे.

आणि ती बादली. आपल्याकडे चहाला यायला लोक कचरायचे ते तिच्यामुळे. पाहुणा टेकला न टेकला की तुम्ही त्याला अंगणातल्या तंबूत घालायचात. डोळ्यांवर पंचा, कानांत कापूस, हात बादलीत बुडवून ओले. "आता बाहेर या." बस्, एवढंच. कसा वाटला तंबू, असं कुणाला विचारलं नाहीत कधी. बाहेरून दाराच्या फटीला डोळा लावून त्याच्या हातांकडे बघत राहायचात. हुसेनसाब एकदा म्हणाला, "साहेब, मी जाऊन येतो की आत, लोकांना कशाला तरास?" तुम्ही त्याला म्हणालात, "तू शिवलायस. शिवणाऱ्याचा हात साक्षीला चालत नाही." हा तुमचा नियम. मी त्याला हसत असे. पुढे त्याच नियमानं मला कोंडीत पकडलं.

हे सगळं इतक्या इरेला पेटलं ते अळणावरच्या त्या जळक्या राहुटीनंतर, हे मला माहीत आहे. तो तंबू आपला नव्हता. तरी तुम्ही बघायला गेलात. कंदील कलंडला, कापडानं पेट घेतला आणि आत मुकादम निंगप्पाची बहीण होती. दाराला नाड्या होत्या, पावसानं ओल्या झालेल्या. तुम्ही परत आलात, जेवायला बसलात आणि भात कालवता कालवता थांबलात. "वरचं सगळं जळून गेलंय," म्हणालात, "खालच्या गाठी तशाच्या तशा बांधलेल्या आहेत." मग हात धुवून उठलात. त्यानंतर लढाईच्या टंचाईत ठेकेदारानं स्वतः कापड पुरवून तंबूंचं काम दिलं, तेव्हा तुम्ही एकाच गोष्टीवर अडून बसलात. हे दार ओल्या बोटांना, डोळे मिटून, घाबरलेलं असताना उघडता आलं पाहिजे. मला ते पटलं होतं. आपलं भांडण कधीच त्यावर नव्हतं.

भांडण होतं ते फाशावर. तुम्ही सागवानी खिट्ट्या केल्यात. वरची गोल, मधली चौकोनी, खालचीला खाच, म्हणजे आपण दाराच्या कुठल्या टोकाशी आहोत ते बोटाला कळावं. समोरच्या पडद्याला मऊ सुती दोरीचे फासे. फासा खिट्टीवरून ओढला की दार मोकळं. फार देखणं होतं ते, खोटं कशाला बोलू? पाहुण्यांनी पटापट उघडलं. तुम्ही माझ्याकडे असं बघितलंत की जणू बक्षीस समारंभच.

मी म्हटलं, "हात ओला आहे. दोर कुठे ओला आहे?"

आठवतं का तुमचं तोंड? इतके दिवस येणाऱ्या-जाणाऱ्याचे हात बुडवून काढलेत आणि दोर मात्र कोरडा ठणठणीत. आपण सगळेच त्या बादलीभोवती उभे राहून हसत होतो, आणि कुणाच्या लक्षात आलं नव्हतं. तुम्ही म्हणालात, "फासा आतल्या अंगाला आहे, तो भिजेल कशानं?" मी म्हटलं, "माणसांच्या श्वासानं, ओल्या कपड्यांच्या वाफेनं, दवानं. मी विहिरीचा पोहरा रोज ओढते. सुती दोर भिजला की आखडतो. गाठ दगड होते."

"मग कशाचा फासा करू, मास्तरीण?"

"काथ्याचा. आमच्या कारवारकडे होड्या काय सुतानं बांधतात?"

तुम्ही उठलात, माझ्याच डोळ्यांवर पंचा बांधलात आणि माझा हात धरून कशावर तरी टेकवलात. मी हात झटकन मागे घेतला. काथ्याच होता, पण क्षणभर अंगावर काटा आला.

"बघ," तुमचा आवाज आला. "तुला माहीत होतं तरी हात मागे आला. जिला माहीत नाही, जिच्या आजूबाजूला धूर आहे, तिचा मागे गेलेला हात पुन्हा तिथेच जाईल, अशी हमी देतेस?"

"टोचलं म्हणून तर कळलं ना कुठे आहे ते!"

"टोचलेल्या जागी माणूस पुन्हा हात घालत नाही."

"आखडलेल्या फाशात घालून तरी काय मिळणार आहे त्याला?"

मग दोऱ्याचं टोक दातांत गेलं. झालं. संपलं तुमच्याकडून बोलणं. दुसऱ्या दिवशी सुती फाशांचा एक तंबू गुंडाळलात आणि भर श्रावणात अळणावरला निघालात, खऱ्या पावसात झोपून बघायला. मी दारात डबा दिला. "क्विनीन घेतलंत?" तुम्ही खिसा थोपटलात. त्यावर मी विश्वास ठेवला.

परतलात ते अंगात हिवताप घेऊन. टांग्यातून उतरतानाच दात वाजत होते. मी विचारलं, "उघडलं का?" तुम्ही माझ्याकडे बघितलंत, काहीतरी सांगायचं आहे असं हसलात आणि म्हणालात, "आधी पांघरूण दे." पांघरुणं दिली. मग तापात तुम्ही मराठी विसरलात, हुसेनसाबशी बोलता तसं कानडी बोलायला लागलात. "तगी, तगी." उघड, उघड. आणि तुमची बोटं चादरीच्या काठावरून फिरत राहिली. वर, मधे, खाली. चिमटीत काठ धरायचात, ओढायचात, पुन्हा धरायचात. मी जवळ बसून ती बोटं बघत होते. ती उघडत होती की अडकत होती, हे मला कळेना. मी तुमच्या कानाशी लागून म्हटलं, "अहो, एवढं सांगा, उघडलं का?" डॉक्टरांनी मला बाजूला केलं. त्यांना वाटलं असेल, बाई भ्रमिष्ट झाली. मला दुसरं काय विचारायचं होतं? नवऱ्याचा जीव जात असताना बायको फाशाबद्दल विचारते, हे ज्यांना विचित्र वाटतं त्यांचा संसार आपल्यासारखा झाला नाही.

तुम्ही गेलात. नंतरच्या दिवसांचं सांगण्यासारखं काही नाही.

तेरावा झाला आणि धाकटे भावोजी, धारवाडच्या कोर्टातलं काम टाकून इथेच राहिलेले, माझ्याजवळ येऊन बसले. तुमच्या पाठीवर वाढलेला तो माणूस. रडून रडून डोळे सुजले होते. तरी वकील तो वकील. "वहिनी, नवरात्राच्या आत माल पोचायला हवा. ठेकेदाराचा माणूस येऊन गेला. तो म्हणतो नाड्या लावा, आजवर नाड्याच चालत आल्यात. हुसेनसाब भराभर लावून टाकेल. एकदा माल गेला की तुम्ही सुटलात, मग आमच्याकडे धारवाडला चला."

"आणि आतली माणसं?"

"त्यांनी कंदील नीट ठेवावा," ते म्हणाले, आणि लगेच खाली बघितलं. ते तसे वाईट नाहीत. त्यांना ह्या सगळ्यातून बाहेर पडायचं होतं, बस्.

मी म्हटलं, नाड्या नाहीत. मग काय, असं त्यांनी विचारलं. काथ्या म्हणावं, तर तुमचं "हमी देतेस?" कानात वाजत होतं. सूत म्हणावं, तर तुमची ती बोटं डोळ्यांपुढे. हुसेनसाब रोज सकाळी येऊन सुईत दोरा ओवून बसायचा आणि माझ्याकडे बघायचा. आठवडा तसाच निघाला. मालगाडीचा डबा ठरला. मला रात्री त्या खालच्या गाठी दिसायला लागल्या, मी कधी न पाहिलेल्या.

त्यातच निंगप्पा आला. तुमचा तंबू डोक्यावर घेऊन, स्टेशनपासून चालत. अंगणात ओझं टाकलं आणि कडेला उकिडवा बसून राहिला. पाणी दिलं, प्यायला. तुमच्या फोटोकडे बघून हात जोडले. मी विचारलं, "निंगप्पा, तिथे काय झालं?"

"इल्लरी अक्कारं, काही नाही," तो मान हलवून म्हणाला. "साहेबांनी घरात सांगू नको म्हटलंय."

"साहेब गेले रे. आता सांग."

त्यानं खांद्यावरच्या घोंगडीशी चाळा केला. मग म्हणाला, "पाऊस सोडेचना. साहेब आत. डोळ्यावर पंचा. मी भाईर उभा. आतनं बोटं वाजायली, खुडखुड, खुडखुड. मग वाजायचं थांबलं. मला भ्या वाटलं, अक्कारं. आमच्या यल्लवाचं आठवलं. तवर साहेब बोलले, निंगप्पा, मेख काढ. मी काढली. खालनं चिखलातनं सरपटत आले, तोंडभर चिखल. आणि हसाय लागले! म्हटले, घरची मास्तरीण जिंकली. पण हे तिला मी सांगणार, तू सांगू नकोस."

मी त्याच्याकडे पाठ फिरवली. निंगप्पाला वाटलं मी रागावले, म्हणून त्यानं आणखी एक गोष्ट घाईघाईनं सांगून टाकली: कॅम्पातल्या पोरांना ताप भरला होता आणि तुम्ही खिशातलं क्विनीन त्यांना वाटून टाकलंत. बरं केलं सांगितलं. इतका वेळ मला नुसतं रडू येत होतं, आता तुमचा संतापही आला. आत जाऊन स्वयंपाकघराचं दार लावून घेतलं आणि तुम्हाला तोंडाला येईल ते बोलले. तुमचं ते हसू, टांग्यातून उतरतानाचं! एक वाक्य होतं हो. पांघरुणाच्या आधी ते वाक्य बोलला असतात तर काय बिघडलं असतं?

पण एक झालं. सूत गेलं. बाहेर येऊन हुसेनसाबला म्हटलं, काथ्या आण. त्यानं दिवसभरात एका तंबूला काथ्याचे फासे लावले, निंगप्पानं विहिरीचं पाणी घागरीनं ओतून दार चिंब केलं, आणि मी पंचा उचलला. तेव्हा हुसेनसाबनं नुसती मान हलवली. मला कळलं. मी सुचवलेला काथ्या, मी सांगितलेली जागा. माझा हात साक्षीला चालणार नव्हता. त्याचा नाही, आणि कापड भिजवणाऱ्या निंगप्पाचाही नाही.

कोण मिळणार होतं? सुतकातून नुकत्याच उठलेल्या घरी चेष्टेला कोण येतं? आणि तेवढ्यात टांगा थांबला आणि सप्तापूरहून तुमची मावशी उतरली. समाचाराला, काठी टेकत, दारातूनच गळा काढत. मी तिच्या गळ्यात पडले, दोघी रडलो. मग मी तिला म्हटलं, "मावशी, माझं एक काम कराल?"

भावोजी उठून उभे राहिले. "वहिनी, नको. म्हातारं माणूस आहे. लोक काय म्हणतील?"

मावशीला सगळं समजावून सांगितलं. ती नाकाला पदर लावून ऐकत होती. "रघ्याचं काम आहे होय? मग घाल की आत. एवढी वर्षं म्हणत होता, मावशी, एकदा आत बसून बघ. मी म्हणायची, मेल्या, बसीन तेव्हा बसीन." काठी माझ्या हातात दिली. तिचे हात मी बादलीत बुडवले. थंडगार, सुरकुतलेले. डोळ्यांवर पंचा बांधला आणि आत सोडून दार लावून घेतलं.

आतून काही आवाज येईना. मग कापडावर हात फिरल्याचा आवाज आला. एका बाजूनं दुसरीकडे. तुमच्या जागेवर मी उभी होते, दाराच्या फटीला डोळा लावून. हात खिट्टीपाशी आला. गोल खिट्टी चाचपली. पुढे सरकला, फाशावर पडला, आणि "अगं बाई!" म्हणून ओरडत मावशीनं तो छातीशी धरला.

"मावशी, काही नाही ते. काथ्या आहे. पुन्हा हात घाला."

पुन्हा हात गेला तो दुसऱ्याच बाजूला. मग खाली. मग ती बसलीच. मला तिच्या श्वासाचा आवाज येत होता. भावोजी माझ्या मागे येऊन उभे राहिले होते, निंगप्पा विहिरीपाशी दोन्ही हातांनी डोकं धरून. "अरे रघ्या," आतून आवाज आला, अगदी बारीक, "उघड रे, बाळा, उघड." निंगप्पानं मेख उपटायला धाव घेतली, पण मी त्याच्या आधी दार उघडलं.

मावशीला धरून ओसरीवर आणलं. पाणी पाजलं. ती सावरली तशी माझ्यावर खेकसली, "काय ठेवलीस गं तिथं? विंचू डसल्यागत झालं!"

"मावशी, तिथेच दार होतं. पुन्हा तिथे हात का नाही घातलात?"

"विंचवाला कोण पुन्हा हात लावालंय?"

अगदी तुमचंच म्हणणं. शब्द तेवढे वेगळे. मी ओसरीच्या पायरीवर बसले. तुम्ही चिखलातून सरपटत येऊन माझं खरं केलं होतंत आणि तुमच्या मावशीनं तुमचं खरं केलं. दोघं बरोबर आणि दार बंद. उद्या डबा भरायचा होता. भावोजी हळू आवाजात म्हणाले, "वहिनी, आता नाड्या लावू या का?" त्यांच्या आवाजात आता हुकूम नव्हता, दया होती, आणि ती मला जास्त लागली.  निंगप्पा नुसता माझ्याकडे बघत होता. जिच्या दाराच्या गाठी तशाच राहिल्या तिचा भाऊ माझ्या अंगणात बसला होता, आणि त्याच रानात त्याची बायको झोपायला जाणार होती.

खूप राग आला मला तुमचा. टोचणारा दोर नको आणि आखडणारा दोर नको, हे सांगायला तुम्ही होतात, आणि मग करायचं काय हे सांगायला नव्हतात. ओसरीवर तुमच्या कपड्यांचं गाठोडं होतं, गोरगरिबांना वाटायला बांधून ठेवलेलं. त्यावर मी हात टेकला होता, उठायला आधार म्हणून. वरचं धोतर तुमचं नेहमीचं, धुऊन धुऊन विरलेलं. माझा हात तिथेच राहिला. मागे घ्यावासा वाटेना.

मी ते धोतर ओढून काढलं, काठाला दात लावला आणि टर्रकन फाडलं. मावशीनं तोंडावर हात ठेवला. भावोजी "वहिनी!" म्हणून पुढे आले. मी एक पट्टी हुसेनसाबकडे टाकली. "काथ्यावर गुंडाळ. घट्ट नको, सैल पीळ दे, आतल्या दोराला आवळता कामा नये." त्याला एका दमात समजलं. रडत होता बिचारा, पण बोटं चालू होती. तिन्ही फासे गुंडाळले, आणि ते दार आम्ही सकाळपर्यंत हौदात बुडवून ठेवलं. पावसात काय भिजेल त्याच्यापेक्षा जास्त भिजू दे, म्हटलं.

सकाळी दार तंबूला लावलं. प्रश्न तोच, आत जाणार कोण? मावशीला आता जागा ठाऊक झाली होती. आम्ही एकमेकांकडे बघतोय तोवर भावोजींनी कोट काढला. एवढी वर्षं तुमच्या तंबूंना त्यांनी बोटसुद्धा लावलं नव्हतं, थोरला भाऊ कापडवाला झाला म्हणून. आदल्या दिवशीही कापडापासून हातभर लांबच उभे होते. त्यांनी स्वतःच बादलीत हात घातले, मनगटापर्यंत. स्वतःच पंचा बांधला. "कानात कापूस घाला," म्हणाले, "अण्णा घालायचा ना?"

दार लावलं. निंगप्पानं वरून आणखी दोन घागरी ओतल्या. पाणी कापडावरून वाहत होतं. हात फिरला, चुकला, पार मागच्या बाजूला गेला. मी ओठ चावून गप्प राहिले. ऐकू जाणार नव्हतंच त्यांना. हात परत आला. गोल खिट्टी. फासा. बोटं त्या फाशावर थांबली. मागे नाही गेली. थांबली, चाचपलं, मूठ मिटली. वरचा फासा सुटला. मधला सुटला. खालचा सुटला. पडदा बाजूला झाला आणि भावोजी गुडघ्यांवर बाहेर आले, तसेच, डोळ्यांवर पंचा. उठेनात. हातात फासा धरून ठेवलेला. "मऊ आहे, वहिनी," एवढंच म्हणाले.

निंगप्पा पुढे झाला. त्यानं फासा पुन्हा खिट्टीवर चढवला आणि काढला. चढवला आणि काढला. मग मला म्हणाला, "हौदरी, होय अक्कारं. हे चालतंय."

मग दिवसभर कुणी बूड टेकलं नाही. मावशीनंसुद्धा पट्ट्या फाडल्या. तुमची धोतरं संपली तेव्हा पंचे काढले, पंचे संपले तेव्हा ते दोन सदरे, कोपरावर विरलेले, जे मी टाकून द्या म्हणायची आणि तुम्ही देत नव्हतात. गोरगरिबांना वाटायचे कपडे होते ते, आणि वाटलेच गेले. भावोजींनी मला धारवाडला चला असं पुन्हा म्हटलं नाही. जाताना फक्त विचारलं, पुढच्या तंबूंना कापड कुठून आणणार? मी म्हटलं, तुमची जुनी धोतरं पाठवा.

त्या पट्ट्या किती पाऊस काढतील, मला माहीत नाही. तुम्ही असतात तर नक्की काहीतरी खोट काढली असतीत, आणि ती खरी निघाली असती. काढा ना. मी ऐकायला तयार आहे. "मास्तरीण जिंकली," हे निंगप्पाच्या तोंडून ऐकून माझं काय पोट भरतं? आणि तुम्हीही जिंकलात, हे मी कुणाला सांगू? ते मी तुम्हाला कधी तोंडावर सांगितलं नसतं, हेही खरं. आता सांगते. हात मागे येतो. तुमचं बरोबर होतं.

अळणावरच्या रानात आता दिवस मावळला की दारं लागतील. कुणी घाबरून, डोळे मिटून, ओल्या हातांनी वाट चाचपील, तेव्हा तिच्या बोटांना आधी तुम्ही लागाल. तुमच्या आत मी आहे, टोचरी, पण न आखडणारी. दोघं मिळून तिला बाहेर काढू.